प्रस्ताव विचाराधीन आहे

आमच्या संस्थेच्या कपाटात एक फिकट हिरवी फाइल आहे. तिच्यात शासनाकडून आलेली अकरा पत्रे आहेत. त्यांतल्या आठ पत्रांत वेगवेगळ्या सह्यांखाली एकच वाक्य आहे : 'आपला प्रस्ताव विचाराधीन आहे.' पहिले पत्र २००८च्या पावसाळ्यातले, शेवटचे २०११चे. मी त्या काळात एका पतसंस्थेत हिशेबनीस होतो आणि सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी मित्रांनी काढलेल्या छोट्या शिक्षणसंस्थेचा बिनपगारी चिटणीस. मराठी माध्यमाची प्राथमिक शाळा काढायची होती. जुन्या वाड्यातल्या दोन खोल्या होत्या, दोन शिक्षिका होत्या आणि पहिल्या वर्षी चौतीस मुले होती. फक्त परवानगी नव्हती.

कायद्याचे शिक्षण मी घेतलेले नाही. त्या फाइलीपायी जे वाचत गेलो, ते पुढे पंधरा वर्षे सुटले नाही. न्यायालयाचे निकाल वाचायची सवय लागली, मग व्यसन. शासनाने 'नाही' म्हटले तर भांडता येते हे सगळ्यांना ठाऊक असते. शासन काहीच म्हणत नसेल तर कोणाशी भांडायचे, या एका प्रश्नामागे मी हिंडलो. जे हाती लागले ते इथे मांडतो.

आधी शाळेला परवानगी लागतेच का, हे पाहू. टी. एम. ए. पै फाउंडेशन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या अकरा न्यायमूर्तींच्या पीठाने ३१ ऑक्टोबर २००२ रोजी सांगितले की शिक्षणसंस्था काढणे व चालवणे हा संविधानाच्या अनुच्छेद १९(१)(छ) खालचा, म्हणजे व्यवसाय करण्याच्या स्वातंत्र्याचा भाग आहे. तो अर्थात वाजवी निर्बंधांच्या अधीन आहे. म्हणजे परवानगी ही शासनाने दिलेली बक्षिसी नाही, हक्कावरचा निर्बंध आहे. हा फरक कागदावर बारीक दिसतो. प्रत्यक्षात सगळा वाद त्यावरच उभा राहतो, कारण हक्कावर निर्बंध घालणाऱ्याने तो वेळेत आणि कारणासह वापरला पाहिजे, असे म्हणायला जागा मिळते.

दुसऱ्या बाजूला २००९चा बालकांच्या मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क अधिनियम आहे. तो १ एप्रिल २०१० पासून अंमलात आला. त्याचे कलम १८ म्हणते की मान्यतेचे प्रमाणपत्र घेतल्याशिवाय कोणतीही खासगी शाळा काढता वा चालवता येणार नाही. चालवली तर एक लाख रुपयांपर्यंत दंड, आणि पुढेही चालू ठेवली तर दर दिवसाला दहा हजार. अर्ज पडून आहे, ही काही त्यातून सुटण्याची वाट नाही. मुले समोर बसली आहेत, अर्ज कार्यालयात बसला आहे आणि दंडाचे मीटर फक्त शाळेच्या बाजूला पळते आहे, अशी ही रचना. आमच्याकडे नोटीस आली तेव्हा आम्ही आकडेमोड केली होती. चौतीस मुलांची वर्षाची फी दोन दिवसांत संपत होती.

आमचा अर्ज मराठी माध्यमाचा होता, यालाही अर्थ आहे. महाराष्ट्रात 'कायम विनाअनुदान' नावाचे एक धोरण होते. शाळा काढा, पण शासनाकडे पैसे कधीच मागू नका. २००९ साली इंग्रजी शाळा वगळून इतरांच्या बाबतीत त्यातला 'कायम' हा शब्द काढला गेला. शिक्षकांच्या दृष्टीने तो मोठा विजय होता आणि मी तो कमी लेखत नाही. पण त्याची एक दुसरी बाजू झाली. आज परवानगी दिलेली मराठी शाळा उद्या अनुदान मागू शकते, हे वित्त विभागाला दिसू लागले. नव्या मराठी शाळांचे प्रस्ताव त्यानंतर शाळांचा बृहत् आराखडा होईपर्यंत म्हणून अडकत गेले. आमच्या फाइलीतली उरलेली तीन पत्रे त्या आराखड्याविषयी आहेत. खर्चाच्या भीतीने घेतलेला हा निर्णय होता, फक्त तो निर्णय म्हणून कधी लिहिला गेला नाही, असे माझे मत आहे. पुढे २०१२चा महाराष्ट्र स्वयंअर्थसहाय्यित शाळा (स्थापना व विनियमन) अधिनियम आला आणि अनुदानाची दोरी कायद्यानेच कापली गेली. आमच्या दृष्टीने तो उशिरा आला.

आता मूळ प्रश्न. शासन गप्प आहे. ही शांतता कायद्याच्या भाषेत काय आहे?

पहिली आशा असते ती 'मानीव परवानगी'ची. मुदतीत उत्तर आले नाही तर परवानगी मिळाली असे समजायचे. बांधकामाच्या बाबतीत हे आपल्याकडे आहे. महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियमाच्या कलम ४५नुसार नियोजन प्राधिकरणाने साठ दिवसांत निर्णय कळवला नाही तर परवानगी दिली असे मानले जाते, अर्थात बांधकाम नियमांना धरून असेल तरच. आमच्या अध्यक्षांनी स्वतःचे घर याच कलमाच्या आधाराने बांधले होते, त्यामुळे शाळेलाही हेच लागू असणार अशी त्यांची पक्की समजूत होती. ती समजूत मोडायला मला दोन महिने लागले. १९८०मध्ये दिल्लीच्या चेतराम वशिष्ठ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले आहे. तिथे वसाहतीच्या आखणीचा नकाशा महापालिकेच्या स्थायी समितीपुढे पडून होता आणि कायद्यात दिलेली मुदत उलटून गेली होती. न्यायालय म्हणाले की मुदत उलटल्यावर परवानगी मिळाली असे समजावे, हे कायद्यात लिहिलेले असेल तरच तसे समजता येते. लिहिलेले नसेल तर न्यायालय ते स्वतःहून जोडणार नाही. अशा वेळी अर्जदाराने निर्णय घ्यायला लावण्यासाठी न्यायालयात यावे.

म्हणजे शांतता 'हो' नाही. ती 'नाही'सुद्धा नाही, कारण नकार असता तर त्याला कारणे असती आणि त्या कारणांना आव्हान देता आले असते. शांतता म्हणजे न केलेले कर्तव्य. आणि न केलेले कर्तव्य करायला लावण्याचे हत्यार म्हणजे मॅन्डॅमस. संविधानाच्या मराठी आवृत्तीत त्याला 'महादेश' म्हटले आहे, काही पुस्तकांत 'परमादेश'. वकील मंडळी मात्र 'मॅन्डॅमस'च म्हणतात. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ 'आम्ही आज्ञा करतो'.

या आज्ञेचा आपल्याकडचा इतिहास मला फार रंजक वाटतो. १८७७च्या विशिष्ट अनुतोष अधिनियमात कलम ४५ होते. कलकत्ता, मद्रास आणि मुंबई या तीन उच्च न्यायालयांना सार्वजनिक अधिकाऱ्याला त्याचे कर्तव्य करण्याचा आदेश देता येत असे, पण आपल्या मूळ दिवाणी अधिकारक्षेत्राच्या हद्दीतच. मुंबईच्या बाबतीत ती हद्द म्हणजे मुंबई शहर. साताऱ्याच्या कलेक्टराने अर्ज दाबून ठेवला तर त्याच्यावर हा आदेश निघू शकत नव्हता. कायदा एकच, उच्च न्यायालय एकच, पण मॅन्डॅमस शहरातल्यांना होता आणि मुलखातल्यांना नव्हता. २६ जानेवारी १९५० रोजी अनुच्छेद २२६ आला आणि प्रत्येक उच्च न्यायालयाला आपल्या संपूर्ण प्रदेशात हा अधिकार मिळाला. मतदानाच्या हक्काविषयी आपण पुष्कळ बोलतो. आमच्यासारख्या गावातल्या माणसाला त्या दिवशी हेही मिळाले, याची नोंद मला शालेय पुस्तकात कधी दिसली नाही.

त्या जुन्या कलम ४५खालचा एक खटला मी विद्यार्थ्यांना नेहमी सांगतो, कारण शाळा-परवानगीच्या सगळ्या आदेशांचे बीज त्यात आहे. खटला मात्र शाळेचा नाही, सिनेमाचा आहे. गोरधनदास भानजी यांना अंधेरीत चित्रपटगृह बांधायचे होते. अर्ज १९४५चा. आधी नकार, मग १९४७मध्ये पोलीस आयुक्तांनी परवानगी दिली. आजूबाजूच्या लोकांनी विरोध केला. थोड्याच महिन्यांत आयुक्तांचे पत्र आले की शासनाच्या निर्देशानुसार तुमची परवानगी रद्द करण्यात येत आहे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५१मध्ये न्यायमूर्ती विवियन बोस यांनी निकाल लिहिला. ते म्हणाले, नियमाने अधिकार आयुक्तांना दिला आहे, शासनाला नाही. हा आदेश आयुक्तांनी स्वतः विचार करून काढलेला नाही, त्यांनी केवळ वरून आलेला निरोप पोचवला आहे. मागाहून प्रतिज्ञापत्रात 'तो माझाच निर्णय होता' असे सांगून चालणार नाही. आदेशाचा अर्थ त्यातल्या शब्दांवरूनच लावायचा.

मग न्यायालयाने भानजींना चित्रपटगृह दिले का? नाही. आयुक्तांना सांगितले की परवाना रद्द करण्याच्या मागण्यांचा तुम्ही स्वतः, कोणाच्या दबावाशिवाय विचार करा आणि रद्द करायचा की नाही याचा स्पष्ट आदेश काढा. इथे मॅन्डॅमसची ताकद आणि मर्यादा एकदमच दिसतात. न्यायालय खुर्चीतल्या माणसाला 'ठरव' म्हणते. 'काय ठरव' ते शक्यतो सांगत नाही.

आमच्या वेळी हे कोणी समजावले असते तर आमच्या अपेक्षा तरी ताळ्यावर राहिल्या असत्या. आम्हाला वाटले होते, हायकोर्टात गेलो की शाळा मिळाली.

न्यायालयात जाण्याआधीची तयारी हा बहुतेकांच्या दृष्टीने कंटाळवाणा भाग, पण खटले तिथेच हरले जातात. १८७७च्या कायद्यात अर्जदाराने प्रतिज्ञापत्रावर तीन गोष्टी सांगायच्या असत : आपला हक्क, आपण केलेली न्यायाची मागणी आणि तिला मिळालेला नकार. तो कायदा गेला तरी ही तिन्ही पावले राहिली. १९७४च्या सरस्वती इंडस्ट्रियल सिंडिकेट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मागणी आणि नकार हा मॅन्डॅमसचा सर्वसाधारण नियम म्हणून पुन्हा सांगितला. नकार शब्दांत असायला हवा असे नाही, दीर्घ मौनातूनही तो दिसू शकतो. पण मागणी कागदावर हवी. प्रस्ताव परिपूर्ण आहे याचा पुरावा हवा, आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का असलेली पोच हवी, त्रुटी काढल्या असतील तर त्या कधी पूर्ण केल्या त्याचीही पोच हवी. सरकारी वकील पहिल्या तारखेला उभे राहून 'प्रस्तावात त्रुटी होत्या' असेच म्हणतात, आणि तुमच्याकडे शिक्का नसेल तर पुढचे सहा महिने त्यातच जातात. दिवाणी दाव्याआधी शासनाला जी दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते ती रिट याचिकेला लागत नाही. तरीही साधे मागणीपत्र पाठवावे आणि वाजवी दिवस थांबावे.

माहितीचा अधिकार इथे फार कामाला येतो. आम्ही २०१०मध्ये नस्तीवरच्या टिपण्या मागितल्या. आमची फाइल जिल्ह्यातून शिफारशीसह वर गेली होती, वरून एका प्रश्नासह खाली आली होती, तो प्रश्न आम्हाला कोणी कळवलाच नव्हता, आणि नंतर चौदा महिने तिच्यावर एकही अक्षर लिहिले गेले नव्हते, हे त्यातून कळले. प्रश्न काय होता? 'खेळाच्या मैदानाचा करार जोडलेला दिसत नाही.' करार पान क्रमांक ४१वर होता.

महाराष्ट्रात या चौदा महिन्यांवरही कायदा आहे. लोक त्याला दप्तर दिरंगाईचा कायदा म्हणतात. बदल्यांचे विनियमन आणि दिरंगाईला प्रतिबंध असे दोन विषय त्याने एकत्र बांधले आहेत, आणि अण्णा हजारे यांच्या आंदोलनाशी त्याचे नाव जोडलेले आहे. त्याच्या कलम १०नुसार कोणतीही नस्ती कर्मचाऱ्याकडे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये. दुसऱ्या विभागाकडे पाठवायची नसेल तर पंचेचाळीस दिवसांत आणि पाठवायची असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हावा. हेतुपुरस्सर दिरंगाई केल्यास शिस्तभंगाची कारवाई. वाचून मला आनंदाने झोप लागली नव्हती. दुसऱ्या दिवशी पुढचे कलम वाचले. न्यायप्रविष्ट बाबी आणि मोठे धोरणात्मक निर्णय यांना हे लागू नाही. 'बृहत् आराखडा' हा शब्द नस्तीवर का आला, ते मला त्या दिवशी समजले. तरीही याचिकेत या कायद्याचा उल्लेख करावा. 'वाजवी मुदत' म्हणजे किती, हे न्यायालयाला स्वतः ठरवावे लागते, आणि शासनाने स्वतःसाठी घालून घेतलेले माप समोर असले की सोपे जाते. २०१५चा लोकसेवा हक्क अधिनियमही आहे, त्यात अधिकाऱ्याला पाचशे ते पाच हजार रुपये दंड आहे, पण तो अधिसूचित केलेल्या सेवांपुरताच चालतो.

याचिका दाखल झाली, सुनावणीला आली, तर ती बहुधा लवकर संपते. आमची अकरा मिनिटांत संपली. अशा आदेशाचा साचा ठरलेला आहे. प्रतिवादींनी याचिकाकर्त्याच्या प्रस्तावावर गुणवत्तेनुसार व कायद्यानुसार आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा, निर्णय कळवावा, प्रकरणाच्या गुणदोषांवर आम्ही मत व्यक्त केलेले नाही, सर्व मुद्दे खुले आहेत. बाहेर येऊन आमच्या अध्यक्षांनी पेढे घेतले. वकीलसाहेब म्हणाले, थोडे थांबा.

'विचार करा' या आदेशावर सर्वोच्च न्यायालयानेच पुढे बारीक लक्ष दिले आहे. २००६च्या आंध्र प्रदेश राज्य परिवहन महामंडळाच्या प्रकरणात त्यांनी अशा आदेशांचे प्रकार उलगडून दाखवले. कधी न्यायालय हक्क तपासून, मुद्दे ठरवून मग विचार करायला सांगते. तेव्हा अधिकाऱ्याचे हात त्या निष्कर्षांनी बांधलेले असतात. कधी काहीच न तपासता सांगते, तेव्हा अधिकारी मोकळाच असतो. २००८च्या सी. जेकब प्रकरणात तर इशाराच आहे. जुने, मेलेले दावे अशा निरुपद्रवी दिसणाऱ्या आदेशांतून पुन्हा जिवंत केले जातात, म्हणून न्यायालयांनी सावध राहावे. दोन्ही निकाल नोकरीच्या भांडणांतले आहेत, पण शाळावाल्यांनी त्यातून एक गोष्ट घ्यावी. याचिकेत केवळ 'निर्णय घ्यायला सांगा' एवढेच मागू नका. निकष कोणते, ते आपण कसे पूर्ण करतो, कोणते कारण नकारासाठी चालणार नाही, हे मांडा आणि न्यायालयाकडून त्यावर निदान एक ओळ मिळवा. ती एक ओळ आमच्या आदेशात नव्हती.

न्यायालय 'ठरव'च्या पुढे जाते का? जाऊ शकते. १९८६च्या जगन्नाथन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की अधिकाऱ्याने विवेकाधिकार वापरलाच नसेल किंवा चुकीच्या विचाराने वापरला असेल, तर उच्च न्यायालय योग्य प्रकरणात तो आदेश स्वतःही देऊ शकते. पण शाळांच्या बाबतीत न्यायालये कचरतात, आणि मला ते पूर्णपणे चूक वाटत नाही. १९९२च्या विकास साहेबराव राउंदळे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापुढे महाराष्ट्रातल्याच एका मान्यता नसलेल्या अध्यापक प्रशिक्षण संस्थेचे विद्यार्थी होते. उच्च न्यायालयाने दिलासा दिला होता, तो टिकला नाही. साधने नाहीत, शिक्षक नाहीत, तरी उघडलेल्या संस्थांचे पीक हे तेव्हाचे खरे चित्र होते. आम्ही स्वतःला त्या संस्थांपेक्षा वेगळे समजत होतो. पण न्यायमूर्तींपुढे असते ती फाइल, आणि फाइलीत सगळ्या संस्था सारख्याच तळमळीच्या असतात. म्हणूनच 'आम्ही मुलांना आधीच प्रवेश दिला आहे' हा युक्तिवाद सहानुभूती मिळवतो असे वाटते, पण बहुधा उलटतो. आमचा उलटला नाही एवढेच. त्याची दखलच घेतली गेली नाही.

आठ आठवडे उलटले. काही आले नाही. इथे पुढचा उपाय अवमान याचिकेचा. १९७१च्या न्यायालय अवमान अधिनियमानुसार सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकते. कलम २०प्रमाणे अवमान झाल्यापासून एक वर्षानंतर कारवाई सुरू करता येत नाही, हे लक्षात ठेवावे लागते. कैद कोणाला होत नाही, निदान शाळेच्या परवानगीवरून झालेली माझ्या वाचनात नाही. पण अवमानाची नोटीस गेली की चौदा महिने न हललेली फाइल चौदा दिवसांत हलते. आमची तेरा दिवसांत हलली.

आणि नकार आला. एक वाक्य : 'बृहत् आराखडा अंतिम झाला नसल्याने आपला प्रस्ताव अमान्य करण्यात येत आहे.' आदेशाचे पालन झाले. अवमान संपला.

कायद्याच्या दृष्टीने आम्ही तेव्हा आधीपेक्षा चांगल्या जागी होतो. आता हातात कारण होते. १९७७च्या मोहिंदर सिंग गिल प्रकरणाने भानजींचे तत्त्व पुन्हा सांगितले आहे : आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकला पाहिजे, प्रतिज्ञापत्रातून नवी कारणे पुरवता येत नाहीत. 'आराखडा झाला नाही' हे आमच्या शाळेविषयीचे कारणच नव्हते, ती शासनाची स्वतःची अडचण होती. दुसरी याचिका चांगली उभी राहिली असती. हे मला आज कळते. तेव्हा कार्यकारिणीच्या बैठकीत सात जण होते, शिल्लक रक्कम नऊ हजार होती, दंडाची नोटीस मागे घेतलेली नव्हती आणि एक शिक्षिका जिल्हा परिषदेत लागली होती. ठराव माझ्याच अक्षरात आहे. एप्रिल २०१२मध्ये शाळा बंद केली. काही मुले जिल्हा परिषदेच्या शाळेत गेली, बरीचशी नव्याने निघालेल्या इंग्रजी शाळेच्या पिवळ्या बसमध्ये बसली.

तेव्हापासून कोणी संस्थावाले विचारायला आले की मी दोन गोष्टी सांगतो. शाळेचे वर्ष जूनला सुरू होते, म्हणून याचिका दिवाळीच्या सुट्टीनंतर लगेच दाखल करा, मार्चमध्ये नको. मार्चमध्ये दाखल केली तर आठ आठवडे मे महिन्यात संपतात, उच्च न्यायालयाला उन्हाळ्याची सुट्टी असते आणि वर्ष हातचे जाते. आणि पहिल्या याचिकेचे पैसे जमवताना दुसरीचेही जमवा.

आमच्या वेळी तारखेसाठी रात्रीच्या एसटीने मुंबईला जावे लागे, सकाळी दादरला तोंड धुऊन फोर्टात. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ सुरू झाले आहे आणि सातारा जिल्हा त्यात आहे. परवा शेजारच्या तालुक्यातले दोघे जण आले होते. मराठी माध्यम, स्वयंअर्थसहाय्यित, पाचवीपर्यंत. प्रस्ताव देऊन सव्वा वर्ष झाले आहे. मी त्यांना आधी पोचपावत्या दाखवायला सांगितल्या. एकीवर शिक्का पुसट होता, तारीख वाचता येत नव्हती. आवक नोंदवहीची प्रत माहिती अधिकारात मागायचा अर्ज आम्ही तिथेच बसून लिहिला.